हप्ता किती, एवढेच विचारू नका

(मंडळाच्या सभेत केलेल्या भाषणाचा मजकूर)



मी काही वक्ती नव्हे. सातवी इयत्ता पास झाले आणि संसाराला लागले. परंतु चिटणीसबाईंनी आग्रह धरला, की घराच्या कर्जाचे जे तुम्ही मला ओट्यावर बसून सांगितलेत तेच चारचौघींत सांगा. आपल्यातल्या पुष्कळजणींच्या घरी असे कर्ज आहे, काहींच्या घरी काढायचे चालले आहे. म्हणून भीत भीत उभी राहिले आहे. चुकले माकले सांभाळून घ्यावे.

‘घर पाहावे बांधून, लग्न पाहावे करून’ असे आपल्या वडीलधाऱ्यांनी म्हणून ठेवले आहे. त्यांच्या वेळी घर बांधताना कष्ट डोळ्यांना दिसत. विटा मोजता येत, गवंड्याची हजेरी मांडता येत असे. आता घर बांधलेले तयार मिळते आणि खर्च डोळ्यांआड वीस वर्षे चालू राहतो. तो कसा चालतो हे समजून घ्यावे, एवढाच माझा आजचा विषय आहे.

आम्ही २०२१ साली दसऱ्याच्या सुमारास जागा घेतली. बारा लाखांचे कर्ज, पंधरा वर्षांची मुदत, सात टक्के व्याज आणि महिन्याचा हप्ता १०,७८६ रुपये. आमचे मालक फौंड्रीत आहेत. त्यांच्या नावाबरोबर माझेही नाव सहकर्जदार म्हणून घातले. साहेबांनी पेन हाती दिले आणि जिथे जिथे फुली होती तिथे तिथे मी सही केली. किती सह्या केल्या तेसुद्धा मोजले नाही. बायांनो, मी कोथिंबिरीची पेंडी घ्यायची तर मंडईत चार ठिकाणी भाव करते. आणि घराच्या बाबतीत मी एकच प्रश्न विचारला, “हप्ता किती?” तो पगारात बसतो म्हटल्यावर पेढे वाटले.

पुढे २०२४ च्या मार्चमध्ये व्याजाचा दाखला आणायला मी एकटी गेले, मालकांची पाळी होती. कागद हातात आल्यावर सहज खाली पाहिले, तर शेवटच्या हप्त्याचे साल लिहिले होते २०४१. आमचे कर्ज २०३६ ला फिटायचे होते. त्या साली मालकांना साठ पुरी होतात. मला वाटले छापण्यात चूक झाली. तिथले गृहस्थ म्हणाले, “चूक नाही बाई. दर वाढला. तुम्हाला त्रास नको म्हणून हप्ता तोच ठेवला आणि मुदत वाढवली. फोनवर निरोप आला असेल की!” निरोप आला होता. तो इंग्रजीत होता आणि जाहिरात समजून आम्ही पुसून टाकला होता.

चोपन्न हप्ते वाढले होते. म्हणजे पाच लाख ऐंशी हजारांच्या वर रक्कम, आणि तीही मालकांच्या साठीनंतरची. घरी येईपर्यंत माझे पाय लटपटत होते. तोवर आम्ही दोघे एकमेकांना म्हणत होतो, सगळे महाग झाले पण आपला हप्ता तेवढा वाढला नाही, देवाची कृपा!

त्या रात्री मी सातवीतले सरळव्याज आठवले. मुद्दल गुणिले दर गुणिले मुदत, भागिले शंभर. बारा लाखांवर सात टक्क्यांनी वर्षाचे व्याज ८४,००० आणि महिन्याचे ७,००० रुपये. आमच्या पहिल्या हप्त्यातले सात हजार व्याजात गेले, मुद्दलात पडले ३,७८६. दोन वर्षांनी मुद्दल अकरा लाखांवर आले, परंतु दर साडेनऊ टक्के झाला. आता महिन्याचे व्याजच ८,७०० च्या पुढे. हप्ता तोच, पण मुद्दलात जाणारे आता जेमतेम दोन हजार. दोन वर्षे नेमाने फेडून आमची फेड मंदावली होती. मुदत का वाढली ते तेव्हा मला कळले. एवढे गणित करायला सातवी पुरते, हे मुद्दाम सांगते.

दर का वाढला, तेही सांगते. रिझर्व्ह बँक इतर बँकांना ज्या दराने पैसे देते त्याला रेपो दर म्हणतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची बदलत्या दराची नवी घरकर्जे अशा बाहेरच्या दराला बांधली गेली. रेपो दर मे २०२२ मध्ये चार टक्के होता, तो फेब्रुवारी २०२३ पर्यंत साडेसहावर गेला. महागाईला आवर घालण्यासाठी तो वाढवला होता. त्याबरोबर आमच्यासारख्यांचे दरही अडीच टक्के चढले. २०२५ साली तो दर उतरू लागला. तेव्हा कर्ज कोणत्या दराला बांधले आहे, आणि उतरलेला दर आपल्या खात्याला लागला का, हे जाऊन विचारावे. चढताना दर आपोआप चढतो, तसा उतरतानाही आपल्यापर्यंत पोचतो की नाही ते आपणच पाहायचे.

आता सगळ्यांना लागू पडेल असा हिशेब मांडते. वीस लाखांचे कर्ज, नऊ टक्के दर, वीस वर्षे. हप्ता सुमारे १८,००० रुपये. वीस वर्षांत २४० हप्ते, एकूण ४३ लाख १८ हजारांच्या वर. वीस लाख मुद्दल आणि तेवीस लाख व्याज!

आपल्याकडे दामदुप्पट हा जुना शब्द आहे. एका वेळी वसूल करायचे व्याज मुद्दलाहून जास्त होऊ नये, असा हिंदू शास्त्रातला नियम होता आणि मुंबई इलाख्यातली न्यायालयेही तो मानीत. सावकारालाही तेवढी मर्यादा होती. हप्त्याच्या कर्जात व्याज महिन्याच्या महिन्याला घेतले जाते, एकदम थकत नाही. म्हणून दामाची दुप्पट होऊन गेली तरी कुणाच्या लक्षात येत नाही. फसवणूक कुणी केलेली नसते, आपण बेरीज केलेली नसते.

याच कर्जाचे पुढे पाहा. पाच वर्षांत आपण दहा लाख ऐंशी हजार भरतो आणि मुद्दल कमी होते फक्त सव्वादोन लाखांनी. दहा वर्षे झाली, अर्धी मुदत सरली, तरी चौदा लाख वीस हजार शिल्लकच. वीस लाखांचे दहा लाख केव्हा होतात? चौदा वर्षांनी. रामाचा वनवास संपतो तेव्हा आपले अर्धे कर्ज फिटलेले असते. कारण सुरुवातीला मुद्दल मोठे, म्हणून व्याज मोठे. पहिल्याच महिन्यात अठरा हजारांतले पंधरा हजार व्याजात जातात.

ज्या कारणाने कर्ज सावकाश फिटते, त्याच कारणाने सुरुवातीला टाकलेला रुपया फार मोठे काम करतो. याच कर्जात पहिले वर्ष संपताना एक लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर मुदत सव्वादोन वर्षांहून अधिक कमी होते आणि जवळजवळ चार लाख व्याज वाचते. तेच एक लाख चौदा वर्षांनी भरले, तर वाचतात सुमारे सहासष्ट हजार. एकदम लाख नसतील तर दर वर्षी एक हप्ता जादा भरावा. कर्ज साडेसोळा वर्षांत फिटते आणि साडेचार लाखांहून अधिक वाचतात. मुळातच वीसऐवजी पंधरा वर्षांची मुदत घेतली, तर हप्ता २,३०० रुपयांनी वाढतो आणि व्याजात साडेसहा लाखांच्या वर बचत होते. थेंबे थेंबे तळे साचते, तसे ते आटतेही थेंबाथेंबानेच.

आम्ही काय केले ते सांगते. माझी दोन हजारांची भिशी होती. ती पाळी संपल्यावर मी पुन्हा लावली नाही. मालकांना म्हटले, हे दोन हजार हप्त्यात घाला. त्यांनी आधी, “तुझे हक्काचे पैसे आहेत, राहू देत,” म्हटले. मी म्हणाले, सहीसुद्धा माझीच आहे. अर्ज दिला, हप्ता १२,७८६ केला. तेव्हाचाच दर धरला तरी शेवटचा हप्ता पुन्हा २०३६ सालात आला आणि सुमारे पावणेचार लाख वाचले. भिशीत मला दोन तोळे सोने झाले असते. त्याऐवजी मालकांची साठीनंतरची पाच वर्षे सोडवून आणली, असे मी मानते.

आता काही गोष्टी पदराला गाठ मारून ठेवण्यासारख्या.

पहिली गोष्ट, कागद मागावा. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जाबरोबर मुख्य बाबींचे पत्रक देणे रिझर्व्ह बँकेने सक्तीचे केले आहे. त्यात व्याज आणि इतर आकार मिळून वर्षाचा खरा दर किती, एकूण फेड किती, हे एका ठिकाणी लिहिलेले असते. आपल्याला समजेल अशा भाषेत ते मागावे. सही त्यानंतर.

दुसरी, दर वाढल्यावर हप्ता वाढवायचा की मुदत, हे विचारण्याचा आपल्याला अधिकार आहे. १८ ऑगस्ट २०२३ च्या आदेशाने रिझर्व्ह बँकेने तसे सांगितले आहे. झेपत असेल तर हप्ता वाढवा. फारच ओढाताण असेल तर मुदत वाढवावी लागते, त्यात लाज नाही. पण तो निर्णय आपण समजून घेतलेला असावा.

तिसरी, बदलत्या दराच्या घरकर्जात वेळेआधी पैसे भरले तर बँकेला दंड घेता येत नाही. हा नियम बँकांना २०१२ सालापासून आहे. पैसे भरताना “मुदत कमी करा” असे लिहून द्यावे.

चौथी, विमा. कर्जदाराचे बरेवाईट झाले तर फेड सहकर्जदारावर येते, म्हणून विमा हवाच. परंतु पन्नास हजारांचा विम्याचा हप्ता कर्जातच मिळवला, तर नऊ टक्क्यांनी वीस वर्षांत त्याचे एक लाख आठ हजार होतात. शक्य तर तो वेगळा घ्यावा आणि रोख भरावा.

पाचवी, हप्त्याबाहेरचा खर्च. घरफाळा, पाणीपट्टी, इमारतीची देखभाल, नोंदणी, मुद्रांक हे सगळे धरून मग पगाराकडे पाहावे. घर बाईच्या नावावर घेतले तर महाराष्ट्रात २०२१ पासून मुद्रांकात एक टक्का सवलत आहे. आणि आपल्या कोल्हापुरात आणखी एक विचारावे, जागा पूररेषेत आहे का? २०१९ आणि २०२१ साली पंचगंगेने काय केले ते आपण डोळ्यांनी पाहिले. घरात पाणी आले म्हणून कर्जावरचे व्याज थांबत नाही.

सहावी, कर्ज फिटल्यावर मूळ कागदपत्रे तीस दिवसांत परत मिळाली पाहिजेत. १ डिसेंबर २०२३ पासून, बँकेच्या चुकीने उशीर झाल्यास दिवसाला ५,००० रुपये भरपाई आहे.

कर्ज वाईट, असे मला मुळीच म्हणायचे नाही. कर्ज नसते तर आमच्यासारख्यांना स्वतःचे दार कधी दिसले नसते. भाड्याच्या खोलीत मी अठरा वर्षे काढली, मालकिणीच्या तोंडाकडे पाहून पाहुणे बोलावले. आज माझ्या दाराला माझी रांगोळी आहे. या सुखाची किंमत द्यायला मी तयार आहे. किंमत किती, तेवढे मात्र मला आधी कळले पाहिजे.

एक जुनी गोष्ट सांगते आणि पुरे करते. १८७५ च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावी शेतकरी उठले आणि सावकारांची कर्जखते हिसकावून त्यांनी फाडली, जाळली. तो दंगा मग पुणे आणि नगर जिल्ह्यांत पसरला. त्यानंतर १८७९ साली दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदा झाला. आपले कोल्हापूर तेव्हा संस्थान असल्याने तो इथे नव्हता. त्या कायद्यात शेतकऱ्याला काय मिळाले? भरलेल्या पैशाची पावती मागण्याचा आणि दर वर्षी हिशेबाचा उतारा मागण्याचा हक्क. एवढ्या साध्या गोष्टीसाठी लोकांना रस्त्यावर यावे लागले होते. आज तो उतारा आपल्याला मागितला की मिळतो, आणि आपण मागत नाही!

तेव्हा भगिनींनो, या आठवड्यात एवढे करा. घरातल्या कर्जाचा उतारा आणा आणि तीन आकडे शोधा. मुद्दल शिल्लक किती, आजचा दर किती, शेवटचा हप्ता कोणत्या साली. ते दिनदर्शिकेच्या मागे लिहून ठेवा आणि दर वर्षी पाडव्याला पुन्हा पाहा. वाचता येत नसेल तर माझ्याकडे या. दुपारी दोननंतर मी घरीच असते, चहा मी करीन, कागद तुम्ही आणा.