शमुवेल म्हणजे भिकाजी की नामदेव?

आजचा भाग एकाच नावावर आहे. शमुवेल. इंग्रजीतून आला की सॅम्युअल, अरबीत सामवील किंवा शामवील, आणि आपल्या कोकणात एकेकाळी चक्क सामाजी. मूळ हिब्रू. बोलायला तसं 'श्मुएल'.

हा भाग मी मणिबेलीत बसून रेकॉर्ड करतोय. मध्येच कोंबडा आरवला किंवा बोटीचं इंजिन ऐकू आलं तर समजून घ्या. मणिबेली म्हणजे नंदुरबार जिल्हा, अक्कलकुवा तालुका, नर्मदेच्या काठावर अगदी टोकाला. सरदार सरोवराच्या पाण्यात महाराष्ट्रातलं जे गाव सगळ्यात आधी गेलं, ते हे. नेटवर्क नाही, त्यामुळे खाली उतरल्यावर अपलोड करीन.

इथे येण्याचं कारण माझा एक मित्र. तो नवापूर तालुक्यातला, ख्रिस्ती आदिवासी कुटुंबातला, पेशाने शिक्षक. बायको या नदीकाठची. लग्नाला सात वर्षं झाली, मधे तीनदा गर्भ राहिला आणि गेला, आणि आता मुलगा झालाय. मित्राच्या आईने चर्चमध्ये प्रार्थना मांडली होती. बायकोच्या आईने देवमोगऱ्याला याहामोगीकडे नवस बोलला होता. दोघी आपापल्या जागी ठाम आहेत की मूल आपल्या मागण्यामुळे झालं. मित्राला नाव ठेवायचंय शमुवेल. सासरच्यांचं म्हणणं, हे नाव कुठलं, आमच्यात कुणाचं आहे का, आणि याचा अर्थ काय? मित्राने मला फोन केला, "तू नावांवर एवढं बोलत असतोस ना, मग ये आणि यांना सांग." तर मी त्यांना जे सांगितलं तेच जरा नीट लावून तुम्हाला सांगतो.

आधी गोष्ट. बायबलच्या जुन्या करारात शमुवेल नावाची दोन पुस्तकं आहेत. पहिल्याच्या सुरुवातीला एल्काना नावाचा माणूस आहे, त्याला दोन बायका. पनिन्नाला मुलं आहेत, हन्नाला नाहीत. पनिन्ना तिला टोचून बोलते. दरवर्षी सगळे शिलोच्या देवस्थानाला जातात. तिथे हन्ना रडत रडत मनातल्या मनात मागणं मागते. ओठ हलतात, आवाज नाही. तिथल्या एली नावाच्या म्हाताऱ्या पुजाऱ्याला वाटतं, बाई दारू पिऊन आलीय. हन्ना नवस बोलते, मुलगा झाला तर तो तुलाच वाहीन, त्याच्या डोक्याला वस्तरा लावणार नाही. मुलगा होतो. दूध तुटल्यावर ती त्याला खरंच देवस्थानात सोडून येते, आणि मग दरवर्षी त्याच्यासाठी एक छोटा झगा शिवून घेऊन जाते.

ही गोष्ट मराठी घरात सांगताना एकही शब्द समजावून द्यावा लागत नाही. नवस, जावळ न काढणं, सवतीचे टोमणे, देवाला मूल वाहणं, सगळं ओळखीचं. शेवटचं तर जास्तच ओळखीचं. खंडोबाला वाहिलेले वाघ्या-मुरळी आठवा. मला त्या झग्यापाशी दरवेळी थांबायला होतं. मूल वाढतंय, माप बदलतंय, आणि आईला ते वर्षातून एकदाच कळतंय.

तर हन्ना मुलाचं नाव श्मुएल ठेवते आणि कारण देते, की मी याला देवाकडे मागितलं. म्हणजे पुस्तकाच्या मते नावाचा अर्थ 'मागून घेतलेला'. आपल्याकडे याला थेट नाव आहे, भिकाजी. आधीची मुलं दगावली की पुढचं मूल भीक म्हणून पदरात घेतलं असं मानून ठेवायचे, भिकाजी, भिकू, भिकाबाई. नवसाजीही त्यातलाच. निमाडात गेलात तर मांगीलाल.

इथपर्यंत छान. पण मी इंजिनिअर माणूस, अक्षरं मोजल्याशिवाय पुढे जात नाही. हिब्रूत 'मागणं' याचा धातू शिन-अलेफ-लामेद, शाअल. त्यातून 'मागितलेला' म्हणजे शाऊल. आणि शाऊल हे स्वतंत्र नाव आहे! इस्राएलचा पहिला राजा शाऊल, ज्याला पुढे याच शमुवेलाने तेल ओतून राजा केलं. म्हणजे हन्नाने दिलेला अर्थ अक्षराला अक्षर लावून बसतो तो शाऊलला. श्मुएलमध्ये अक्षरं आहेत शिन, मेम, वाव, अलेफ, लामेद. मधलं 'म' कुठून आलं? जुने टीकाकार म्हणतात, 'शाऊल मे-एल', म्हणजे 'देवाकडून मागितलेला', हे आक्रसून श्मुएल झालं. ओढाताण आहे, माझ्या मते. काही अभ्यासक तर म्हणतात की ही जन्मकथा मुळात शाऊलचीच असावी आणि नंतर शमुवेलला चिकटली. त्याच अध्यायाच्या शेवटी हन्ना मुलाला देवाला देताना जो शब्द वापरते तो हुबेहूब शाऊल आहे. हा शब्दखेळ लिहिणाऱ्याने मुद्दाम केलाय यात मला शंका नाही.

नेटवरच्या बाळनावांच्या याद्यांत दुसरा अर्थ सापडतो, 'देवाने ऐकलं'. गोड आहे, पण बसत नाही. 'ऐकणं' म्हणजे शामा, शिन-मेम-आयिन. त्यातलं आयिन हे अक्षर श्मुएलमध्ये नाहीच. ते आहे इश्माएलमध्ये, म्हणजे आपल्या इस्माईलमध्ये. 'देव ऐकतो' हा अर्थ हवा असेल तर मुलाचं नाव इस्माईल ठेवावं लागेल.

मग खरं काय? बहुतेक भाषातज्ज्ञ साधा मार्ग धरतात. शेम म्हणजे नाव, एल म्हणजे देव. मधला 'उ' हा जुन्या विभक्तीचा राहिलेला अवशेष. या घडणीची नावं हिब्रूच्याही आधी होती. बाबिलोनच्या पहिल्या राजघराण्यात, हम्मुराबीच्या आधी, सुमू-अबुम आणि सुमू-ला-एल असे राजे आहेत, आणि तिथलं 'सुमू' म्हणजेही नाव. तर श्मुएल म्हणजे 'देवाचं नाव' किंवा 'देव हेच ज्याचं नाव'. आता शब्द शेजारी ठेवा. शेम, नाम. एल, देव. नामदेव! मी हे इथे ओसरीवर बोललो तेव्हा मित्राच्या सासऱ्यांनी पहिल्यांदा मान वर केली. म्हणाले, "म्हणजे आपलाच की."

आपलाच, हो. आणि मराठीत हे नाव अजून एका वाटेने 'आपलं' झालंय. कोकणातले बेने इस्राएल. अलिबागजवळ नौगावला जहाज फुटलं, सात पुरुष आणि सात बायका वाचल्या, अशी त्यांची परंपरा सांगते. शतकानुशतकं ते मराठी बोलत राहिले, तेलाचे घाणे चालवले, शनिवारी काम बंद, म्हणून लोक म्हणायचे शनिवार तेली. हिब्रू विसरले, पण 'शेमा' ही प्रार्थना टिकली. शेमा म्हणजे 'ऐक', तोच मघाचा आयिनवाला धातू. आडनावं गावांवरून, दिवेकर, किहीमकर, रोहेकर, पेणकर. आणि नावं? अब्राहामचा आबाजी, बेंजामिनचा बनाजी, मोझेसचा मुसाजी, इझिकेलचा हसाजी, आणि सॅम्युअलचा सामाजी.

त्यातला एक सामाजी इतिहासात आहे. सामाजी हसाजी दिवेकर, म्हणजे सॅम्युअल इझिकेल दिवेकर. ईस्ट इंडिया कंपनीच्या सैन्यात अधिकारी होता. टिपूविरुद्धच्या लढाईत पकडला गेला. परंपरा अशी की, जात विचारल्यावर तो 'बेने इस्राएल' म्हणाला, आणि टिपूच्या आईला कुराणातले बनी इस्राईल आठवले, म्हणून जीव वाचला. सुटलो तर प्रार्थनामंदिर बांधीन असा त्याने नवस केला होता म्हणतात. १७९६ साली मुंबईत मांडवी भागात त्याने सिनेगॉग बांधलं, शहरातलं पहिलं. शाआर हाराहामीम, दयेचं द्वार. रस्त्याला नाव मिळालं सॅम्युअल स्ट्रीट. लोक सिनेगॉगला म्हणायचे जुनी मशीद, आणि शेजारच्या मस्जिद बंदर स्टेशनचं नाव त्यावरूनच पडलं असं सांगतात. पुढच्याच वर्षी, १७९७ मध्ये, तोराची हस्तलिखित गुंडाळी आणायला तो कोचीनला गेला आणि तिथेच वारला.

म्हणजे नावाला नवस चिकटूनच येतो. बेने इस्राएलांत नवस फेडायला आजही मलिदा करतात. पोहे, खोबरं, साखर, फळं, आणि एलियाहू नबीचं नाव. मित्राच्या सासूबाईंना हे भारी आवडलं. त्यांना शमुवेलपेक्षा मलिद्यातच जास्त रस होता, हेही सांगून टाकतो.

पण त्यांचा खरा प्रश्न वेगळा होता. मागितलं कुणाकडे? नावात कुणाचं नाव बसणार, याहामोगीचं की येशूचं? इथे मला 'एल' या शब्दाचा उपयोग झाला. एल हा कुठल्या एका धर्माचा शब्द नाही. सेमिटिक भाषांत तो नुसता 'देव'. इस्राएलच्या आधीच्या उगारितच्या मातीच्या पाट्यांवर तर एल हा देवांचा म्हातारा बाप आहे. अरबीतला 'इलाह' त्याच कुळातला. मित्राची आई यावर फार खूश झाली नाही. तिच्यासाठी एल एकच. सासूबाई म्हणाल्या, "देव ना? मग ठीक."

आता कागदाकडे येऊ, कारण इथे भांडण अर्थापेक्षा स्पेलिंगवरून जास्त होतं. या खोऱ्यात नाव म्हणजे जमीन. नर्मदा लवादाने १९७९ च्या निवाड्यात सज्ञान मुलाला वेगळं कुटुंब धरलं. जमीन जाणाऱ्या कुटुंबाला कमीत कमी दोन हेक्टर. म्हणजे मुलगा कोण, त्याचं वय काय, आणि यादीतला तो हाच का, यावर दोन हेक्टर अवलंबून. आणि नावं कशी? जन्मवारावरून. रविवारचा दित्या, मग सोम्या, मंगळ्या, बुध्या, शुक्र्या. एका पाड्यात चार बुध्या. लिहिणारा बाहेरचा, कानाला जे लागेल ते लिहिणार. दित्याचा दितिया होतो, डेट्या होतो. मित्राच्या सासऱ्यांकडे प्लास्टिकच्या पिशवीत तीन कागद आहेत आणि त्यांचंच नाव तीन तऱ्हेनं. ते सिद्ध करण्यात त्यांची वर्षं गेली. गंमत बघा, याच गावाच्या नावाने १९९४ मध्ये 'मणिबेली जाहीरनामा' निघाला. मोठ्या धरणांना पैसा देणं थांबवा असं जागतिक बँकेला सांगणारा. ४४ देशांतल्या ३२६ संघटनांनी पाठिंबा दिला. गावाचं नाव कुणी चुकवलं नाही.

म्हणून सासऱ्यांचा आक्षेप मला महत्त्वाचा वाटला. ते म्हणाले, "अर्थ कळला. लिहितील कसं?" अगदी माझ्या कामाचा प्रश्न. नावं जुळवणाऱ्या प्रोग्रॅम्समागे अजूनही पुष्कळ ठिकाणी साउंडेक्स आहे, १९१८ चं अमेरिकन पेटंट. पहिलं अक्षर ठेवायचं, स्वर टाकायचे, व्यंजनांना आकडे द्यायचे. रोमनमधलं 'सॅम्युअल' आणि 'श्मुएल' दोन्ही एस-५४० येतात. पण मराठी बायबलमधलं 'शमुवेल' रोमनमध्ये 'व्ही' घालून लिहिलं की एस-५१४. एका 'व'ने माणूस दुसरा झाला. सामाजी तर एस-५२०. ज्यू वंशावळी शोधणाऱ्यांना हीच अडचण आली म्हणून १९८५ मध्ये त्यांनी स्वतःचा वेगळा साउंडेक्स बनवला. आपल्या देवनागरी नावांना तसं रोजच्या वापरात काही नाही, आणि याची सगळ्यात मोठी किंमत अशाच पाड्यांवर मोजली जाते.

शिवाय १ ऑक्टोबर २०२३ नंतर जन्मलेल्यांसाठी जन्मतारखेचा पुरावा म्हणजे जन्मदाखलाच. शाळा, आधार, नोकरी, सगळं त्यावर. जन्माची नोंद २१ दिवसांत करायची, पण नाव त्याच वेळी द्यायलाच हवं असं नाही. १२ महिन्यांपर्यंत विनाशुल्क घालता येतं. मी मित्राला म्हटलं, घाई करू नकोस, घरात एकमत होऊ दे. आणि झालं की देवनागरी आणि रोमन दोन्ही स्वतःच्या हाताने कागदावर लिहून दे, तोंडी सांगू नकोस. दाखला हातात आला की खिडकी सोडण्याआधी वाच.

काल रात्री ठरलं. देवनागरीत 'शमुएल', 'व' नाही. रोमनमध्ये 'व्ही' नाही. सासरे ते पाटीवर खडूने लिहून बघत होते, नातवाचं नाव, मग त्याखाली स्वतःचं. मूल बुधवारी जन्मलंय, त्यामुळे घरात आजीने त्याला कधीच बुध्या करून टाकलंय. दिवेकरांचीही दोन होती, सैन्यात सॅम्युअल इझिकेल आणि घरी सामाजी हसाजी.

बोट आली वाटतं. पुढच्या भागात इसाजी, म्हणजे इसहाक. त्याचा अर्थ 'तो हसतो' असा आहे आणि त्यामागची गोष्ट शमुएलपेक्षा बरीच गमतीची आहे. तुमच्या घरात अशी दोन-दोन नावांची माणसं असतील तर मला आवाज रेकॉर्ड करून पाठवा. भेटू.