शकालचे बूट

दोस्तांनो, ‘यादों की बारात’ तुम्ही पाह्यला असेल. १९७३ चा, नासिर हुसेनचा. शकाल आईबापाचा जीव घेतो, तीन भाऊ तीन वाटांना लागतात. खुनी ओळखायचा बुटांवरनं : एक आठ नंबरचा, दुसरा नऊचा. शेवटी त्याचा पाय रुळात अडकतो, वरनं गाडी जाते. पब्लिक शिट्ट्या मारतं. सूड संपला.

माझा बाप गोदीत गोण्यांखाली मेला. आई त्याच्यामागं खोकून खोकून गेली. बहीण मला विचारते, ‘दादा, आपण कोणाला मारायचं?’ मुकादम बदलले, कंत्राटदार बदलले. गोण तीच, पाठ तीच. ह्या खुन्याच्या बुटाचा नंबर कोण सांगणार?

सिनेमा सूडाला एकच तोंड देतो, म्हणून तो खोटा. पण त्यातली एक गोष्ट खरी. आईनं शिकवलेल्या गाण्यावरनं धाकटे एकमेकांना ओळखतात, मिठी मारतात. थोरला तिथंच असतो. ओळखतो, अन् गप्प राहतो.

आपल्यातले थोरलेही असेच गप्प आहेत. गटारात उतरणारा, कचरा वेचणारी, गोण वाहणारा, ही सगळी एका घरची पोरकी पोरं. आधी तोंड उघडा, भावंडं ओळखा. शकाल एकटा नाही, टोळी आहे. तिला एकटादुकटा पुरणार नाही.

जय भीम!