पुण्याचा तह, हेगचा निकाल आणि लिस्बनचा कैदी

(पुणे येथे झालेल्या व्याख्यानाचे शब्दांकन)



हॉलंडमधील हेग शहरात आंतरराष्ट्रीय न्यायालय आहे. १२ एप्रिल १९६० रोजी त्या न्यायालयाने भारत आणि पोर्तुगाल यांच्यातील एका खटल्याचा निकाल दिला. जगातील नामवंत न्यायाधीशांनी त्यासाठी ज्या कागदाचा कीस काढला, तो कागद दिल्लीचा नव्हता, लंडनचाही नव्हता. तो याच पुणे शहरातला होता. १७७९ साली पेशवाईने पोर्तुगीजांशी केलेला तह इतिहासात ‘पुण्याचा तह’ म्हणूनच ओळखला जातो. त्याच्या सतराव्या कलमाचा अर्थ काय, या प्रश्नावर स्वतंत्र भारताची प्रतिष्ठा पणाला लागली होती.

स्वतंत्र भारताच्या परराष्ट्र धोरणाची चर्चा निघाली की अलिप्ततावाद, पंचशील, बांडुंग परिषद हे शब्द कानी पडतात. हे शब्द मोठे आहेत. परंतु एखाद्या नवस्वतंत्र राष्ट्राचे धोरण प्रत्यक्षात कसे घडते, कुठे अडखळते आणि कशाच्या बळावर पुढे सरकते, हे पाहायचे असेल तर दादरा, नगर हवेली आणि गोव्याकडे पाहावे. त्या कथेचे धागे पुण्यातून निघतात आणि पुण्यातच परततात.

प्रथम तहाची गोष्ट. सवाई माधवरावांच्या काळी, नाना फडणीस कारभार पाहत असताना पुणे दरबाराला इंग्रजांशी झुंजायचे होते. अशा वेळी पोर्तुगीजांशी मैत्री राहावी म्हणून दमणजवळच्या काही गावांचा बारा हजार रुपयांचा महसूल त्यांना लावून देण्याचे ठरले. पुढे १७८३ आणि १७८५ च्या सनदांनी गावे नेमून दिली गेली. शतके लोटली. पेशवाई गेली, इंग्रज आले, इंग्रजही गेले. परंतु महसूल खाण्यासाठी मिळालेल्या या गावांवर पोर्तुगालचा ध्वज फडकतच राहिला. ही गावे चहूबाजूंनी भारतीय भूमीने वेढलेली होती. दमणहून तेथे जायचे तर भारतातूनच जावे लागे.

१९४७ नंतर फ्रान्सशी वाटाघाटी होऊ शकल्या आणि १९५४ मध्ये पाँडिचेरीचा कारभार भारताकडे आला. पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझार मात्र चर्चेलाच तयार नव्हता. गोवा ही वसाहत नसून पोर्तुगालचाच एक प्रांत आहे, अशी त्याची भूमिका होती. पोर्तुगाल १९४९ पासून नाटो करारात सहभागी होता, ही त्याची पाठराखण. अखेर १९५३ मध्ये भारताने लिस्बनमधील आपली वकिलात बंद केली. शब्दांचा मार्ग खुंटला होता.

तेव्हा माणसे पुढे आली. जुलै १९५४ मध्ये फ्रान्सिस मस्कारेन्हस यांच्या नेतृत्वाखाली ‘युनायटेड फ्रंट ऑफ गोवन्स’ने दादरा मुक्त केले. पाठोपाठ आझाद गोमंतक दल आणि राष्ट्रीय स्वयंसेवक संघाचे स्वयंसेवक नगर हवेलीत शिरले. राजा वाकणकर, नाना काजरेकर, सुधीर फडके, बाबासाहेब पुरंदरे अशी नावे त्या तुकडीत होती. एकाच्या गळ्यात गीत होते, दुसऱ्याच्या मुखी शिवचरित्र. मोहिमेला पैसा हवा म्हणून पुण्यात लता मंगेशकर यांच्या गाण्याचा कार्यक्रम झाला. २ ऑगस्ट १९५४ रोजी सिल्वासावर तिरंगा चढला.

या पराक्रमाची आठवण दरवर्षी काढली जाते आणि ती काढलीच पाहिजे. पण त्याच दिवसांत दिल्लीनेही एक गोष्ट केली होती, तिचा उल्लेख क्वचितच होतो. दमणहून कुमक पाठवण्यासाठी पोर्तुगालने भारतीय भूमीतून वाट मागितली, ती भारत सरकारने नाकारली. मूठभर तरुणांनी ठाणी घेतली आणि सरकारने वाट अडवली. या दोन गोष्टी एकत्र आल्या म्हणून ती मुक्ती टिकली. यांपैकी एक जरी नसती, तरी सिल्वासाचा तिरंगा किती दिवस राहिला असता?

पोर्तुगालने डिसेंबर १९५५ मध्ये भारताला हेगच्या न्यायालयात खेचले. पुण्याच्या तहाने या गावांचे सार्वभौमत्व आम्हाला मिळाले, सबब तेथे सैन्य नेण्याचा हक्क आम्हाला आहे, असा त्याचा दावा होता. महान्यायवादी मोतीलाल सेटलवाड यांनी भारताची बाजू मांडली. भारतातर्फे नेमलेले न्यायाधीश म्हणून मोहम्मद करीम छागला न्यायपीठावर होते. न्यायालयाने तहाचे निरनिराळे पाठ तपासले, मराठ्यांनी केलेले इतर तह पाहिले आणि एक मार्मिक निष्कर्ष काढला. मराठ्यांना जेव्हा मुलूख कायमचा द्यायचा असे, तेव्हा ते तसे स्पष्ट शब्दांत लिहीत. येथे मात्र सनदांत शब्द होते ‘जहागीर’ आणि ‘सरंजाम’. म्हणजे पुणे दरबाराने महसूल दिला होता, राज्य दिले नव्हते.

पुढे इंग्रजी अमदानीत पोर्तुगीज सत्ता व्यवहारात मान्य झाली, हेही न्यायालयाने नमूद केले. त्यामुळे निकाल एकतर्फी लागला नाही. खासगी व्यक्ती, मुलकी अधिकारी आणि माल यांना जाण्यायेण्याचा हक्क होता, असे अकरा विरुद्ध चार मतांनी ठरले. सैन्य, सशस्त्र पोलीस आणि शस्त्रास्त्रे नेण्याचा हक्क मात्र नव्हता. हे ठरले आठ विरुद्ध सात मतांनी. आणि १९५४ मध्ये भारताने आपल्या कर्तव्याचा भंग केला नाही, असे नऊ विरुद्ध सहा मतांनी सांगितले गेले. आठ विरुद्ध सात! एका मताच्या अंतरावर हा प्रश्न लोंबकळत होता. पावणेदोनशे वर्षांपूर्वी पुण्याच्या कारकुनाने लेखणी उचलताना योग्य शब्द योजला, त्याचे मोल हेगमध्ये कळले.

आणखी एक गोष्ट ध्यानी घेण्यासारखी आहे. १९५४ ते १९६१ अशी सात वर्षे हा मुलूख मुक्त होता, तरी भारताने तो घाईने आपल्यात जोडून घेतला नाही. तेथे स्थानिक वरिष्ठ पंचायतीचा कारभार चालला. निकालानंतर, ऑगस्ट १९६१ मध्ये, दहाव्या घटनादुरुस्तीने तो संघराज्यात आला. हा संयम दुबळेपणाचा नव्हता. तो विचारपूर्वक राखलेला संयम होता.

गोव्याच्या बाबतीत मात्र चित्र निराळे दिसते. १८ मे १९५५ रोजी नानासाहेब गोरे आणि सेनापती बापट यांच्या नेतृत्वाखाली सत्याग्रहींची पहिली मोठी तुकडी गोव्यात शिरली. त्यामागे पुण्यातील गोवा विमोचन सहायक समिती उभी होती आणि जयंतराव टिळकांसारखे लोक तिचा भार वाहत होते. समाजवादी होते, जनसंघाचे जगन्नाथराव जोशी होते, कम्युनिस्टही होते. एरवी एकमेकांचे तोंड न पाहणारे पक्ष या प्रश्नावर एका रांगेत चालले. १५ ऑगस्ट १९५५ रोजी हजारो निःशस्त्र सत्याग्रही सीमा ओलांडून गेले. पोर्तुगीजांनी गोळीबार केला. उज्जैनचे राजाभाऊ महाकाळ यांच्यासह वीसांहून अधिक जण धारातीर्थी पडले.

सरकारने काय केले? पोर्तुगालशी उरलेसुरले संबंध तोडले, आर्थिक कोंडी केली आणि सत्याग्रहींनाही सीमेवर थांबवले. जगाला शांततेचा उपदेश करणाऱ्या देशाने स्वतः शस्त्र कसे उचलावे, हा पंतप्रधान नेहरूंपुढचा पेच होता. तो खोटा नव्हता, हे त्यांच्या टीकाकारांनीही मान्य करावे. परंतु त्या पेचाची किंमत गोव्याच्या तुरुंगांतील माणसे मोजत होती. इकडे लोक होते, तिकडे राज्यसत्ता थबकली होती. सिल्वासाला जे दोन हात एकत्र आले, ते येथे सहा वर्षे एकमेकांपासून दूर राहिले.

जगाने तरी त्या संयमाची कदर केली काय? डिसेंबर १९५५ मध्ये अमेरिकेचे परराष्ट्रमंत्री डलेस यांनी पोर्तुगीज मंत्र्यासमवेत काढलेल्या संयुक्त निवेदनात गोव्यासारख्या वसाहतींना ‘पोर्तुगीज प्रांत’ म्हटले. अखेर १७-१८ डिसेंबर १९६१ च्या रात्री भारतीय सेना गोव्यात शिरली. मेजर जनरल कँडेथ यांच्या नेतृत्वाखाली दोन दिवसांत काम आटोपले. अखेरच्या माणसापर्यंत लढण्याचा सालाझारचा आदेश गव्हर्नर जनरल वासालो इ सिल्वा यांनी मानला नाही आणि १९ डिसेंबरला शरणागती पत्करली. सुरक्षा समितीत अमेरिका, ब्रिटन, फ्रान्स आणि तुर्कस्तान यांनी भारताविरुद्ध ठराव आणला. त्याला सात मते पडली, विरोधात चार. आणि सोव्हिएत नकाराधिकारामुळे तो बारगळला. सिलोन, लायबेरिया आणि संयुक्त अरब प्रजासत्ताक भारताच्या बाजूने उभे राहिले. वसाहतवादाचे चटके ज्यांनी सोसले होते, त्यांना भारताची भाषा कळली.

येथे बहुतेक व्याख्याने संपतात. परंतु एक माणूस अजून घरी आला नव्हता.

सांगलीचा एक तरुण मराठीचा शिक्षक म्हणून गोव्यात गेला आणि आझाद गोमंतक दलात दाखल झाला. त्याचे नाव मोहन रानडे. १९५५ मध्ये बेती येथील पोलीस ठाण्यावरील हल्ल्यात तो जखमी होऊन पकडला गेला. शिक्षा झाली सव्वीस वर्षांची. पुढे त्याला लिस्बनजवळच्या कॅशियसच्या किल्ल्यात नेऊन ठेवले. गोवा मुक्त झाला तेव्हा रानडे पोर्तुगालच्या तुरुंगात होते. त्या वेळी भारताच्या ताब्यात तीन हजारांवर पोर्तुगीज युद्धकैदी होते. १९६२ च्या मे महिन्यात ते सुखरूप मायदेशी परतले. रानडे परतले नाहीत. मुलूख आला, माणूस राहिला!

त्यांच्या सुटकेसाठी समाजानेच आवाज उठवला. सुधीर फडके यांनी त्यासाठी जिवाचे रान केले. १९६८ मध्ये तमिळनाडूचे मुख्यमंत्री अण्णादुराई यांनी पोप सहावे पॉल यांची भेट घेतली, तेव्हा या मराठी माणसासाठी शब्द टाकला. जानेवारी १९६९ मध्ये, चौदा वर्षांनंतर, रानडे सुटले. त्यानंतर थोड्याच दिवसांत, ३ फेब्रुवारीला, अण्णादुराई निवर्तले. द्रविड चळवळीचा नेता, ख्रिस्ती धर्मगुरू आणि सांगलीचा क्रांतिकारक यांना जोडणारा हा धागा कोणत्याही राजनैतिक पत्रव्यवहारात विणला गेला नव्हता. रानडे पुढे समाजकार्यात रमले आणि २०१९ मध्ये याच पुण्यात त्यांनी देह ठेवला.

गोव्यावरील भारताचे सार्वभौमत्व पोर्तुगालने ३१ डिसेंबर १९७४ च्या कराराने मान्य केले. तोवर लिस्बनमध्ये हुकूमशाही कोसळली होती. दहा वर्षांची शिक्षा झालेले नानासाहेब गोरे तुरुंगातून सुटून १९५७ मध्ये पुण्याचे खासदार झाले होते आणि १९७७ मध्ये ते लंडनमध्ये भारताचे उच्चायुक्त म्हणून गेले. सत्याग्रहीचा राजदूत झाला.

या कथेतून निघणारे सूत्र साधे आहे. परराष्ट्र धोरणाला तीन आधार लागतात: कागद, लोक आणि बळ. हेगमध्ये कागद कामी आला, सिल्वासाला लोक कामी आले, १९६१ मध्ये बळ कामी आले. जेथे तिघांची साथ सुटली, तेथे माणसे मेली किंवा तुरुंगात खितपत पडली. आज भारत मोठी अर्थसत्ता म्हणून उभा आहे. युद्धभूमीत अडकलेल्या हजारो नागरिकांना विमाने पाठवून परत आणण्याची क्षमता त्याने मिळवली आहे. ही क्षमता कोणत्याही संचलनापेक्षा मोठी आहे. कारण राष्ट्राची उंची नकाशाने मोजली जाते, तशीच परक्या तुरुंगातील आपल्या एकट्या माणसाची आठवण ते किती दिवस ठेवते, यानेही मोजली जाते.

पुण्याने पेशवाईच्या लेखणीपासून सत्याग्रहींच्या पावलांपर्यंत या धोरणाला आपले देणे दिले आहे. जुने कागद वाचणारे, मोडी जाणणारे तरुण या शहरात पुन्हा घडावेत आणि रानड्यांचे नाव शाळकरी मुलांच्या ओठी यावे, एवढे झाले तरी ते देणे व्यर्थ गेले नाही असे म्हणता येईल.