मदत वाटणाऱ्यांचा हिशेब
(सोलापूर येथील भाषण)

मैत्रिणींनो, यादीत नाव घालणाऱ्याच्या हातात केवढी सत्ता असते, ते १९९३चा किल्लारी भूकंप जवळून पाहिलेल्या सोलापूरला सांगायला नको. युद्धाच्या मुलखात तर पळायलाही वाट नसते. २००२ साली गिनी, लायबेरिया, सिएरा लिओनमधल्या निर्वासित मुलींकडे धान्य-तेलाच्या बदल्यात शरीर मागितलं जातं, असे आरोप पुढे आले. मागणारे कोण? मदत वाटणारेच! तक्रार त्यांच्याचकडे करायची, आणि रेशन बंद झालं तर पोरांना काय घालायचं?

आपल्याकडे कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाविरुद्धच्या २०१३च्या कायद्यात स्वयंसेवी संस्थाही येतात. तक्रार करणारी बाई तिथे नोकरीलाच हवी असं नाही. संस्थेत दहापेक्षा कमी माणसं असली, तर जिल्ह्याची स्थानिक समिती आहे. तिचा पत्ता आपल्या संस्थांच्या भिंतींवर तरी लावलाय का?