जोन हिक्सन : एक चरित्र-अभिनेत्री

नायक-नायिकांचीं नांवें जाहिरातींत ठळक अक्षरांनीं झळकतात. परंतु नाटकांतील घराला घरपण येतें तें त्या घरांतल्या मोलकरणीमुळें, चौकस शेजारणीमुळें किंवा कुरकुरणाऱ्या आत्याबाईमुळें. अशा भूमिका करणाऱ्या नटीचा चेहरा प्रेक्षकांच्या ओळखीचा असतो. नांव मात्र कोणालाच आठवत नाहीं. जोन हिक्सन या इंग्रज नटीनें या स्थितींत सत्तावन वर्षें काढलीं आणि वयाच्या ७८ व्या वर्षीं त्यांच्या वांट्याला मिस मार्पलची मुख्य भूमिका आली. दैवानें फार उशीर केला, असें कोणासहि वाटेल. तथापि हा उशीर वायां गेला काय, हाच खरा प्रश्न आहे.

हिक्सनबाईंचा जन्म ५ ऑगस्ट १९०६ रोजीं नॉर्थॅम्प्टनमधील किंग्जथॉर्प येथें झाला. लंडनच्या रॉयल अकॅडमी ऑफ ड्रॅमॅटिक आर्ट या संस्थेंत शिक्षण घेऊन १९२७ सालीं त्या रंगभूमीवर आल्या. पुढें नाटकांत, चित्रपटांत व टेलिव्हिजनवर कामें मिळत गेलीं तीं बहुधा परिचारिकेचीं, घर सांभाळणाऱ्या बाईचीं, कोणाच्या तरी आईचीं. दोन-चार मिनिटांत अख्खें माणूस उभें करावयाचें आणि मुख्य पात्र येतांच बाजूला व्हावयाचें, हा या कामाचा धर्म होय. तेथें लांब भाषणें नसतात. पिशवी कशी धरली, उत्तर देण्यापूर्वीं किती थांबली, एवढ्यावरच सारा परिणाम अवलंबून असतो.

१९४५ सालीं अगाथा ख्रिस्ती यांचें 'अपॉइंटमेंट विथ डेथ' हें नाटक लंडनमध्यें रंगभूमीवर आलें. त्यांतील हिक्सनबाईंचें लहानसें काम पाहून ख्रिस्तीबाईंनीं त्यांना पत्र पाठविलें व पुढें केव्हां तरी त्यांनीं मिस मार्पल साकार करावी, अशी इच्छा व्यक्त केली. मिस मार्पल म्हणजे सेंट मेरी मीड या काल्पनिक खेड्यांतील अविवाहित वृद्धा. विणकाम करतां करतां ती खुनांचा छडा लावते. तेव्हां हिक्सनबाई चाळिशीच्याहि आंत होत्या. पुढें १९६१ सालीं 'मर्डर, शी सेड' हा चित्रपट निघाला, त्यांत मिस मार्पल झाल्या मार्गारेट रदरफर्ड. हिक्सनबाईंना मिळाली ती घरकाम करणाऱ्या बाईची भूमिका!

त्यानंतरहि काम चालूच राहिलें. १९७९ सालीं 'बेडरूम फार्स' या नाटकांतील भूमिकेबद्दल त्यांना अमेरिकेंत टोनी पारितोषिक मिळालें, तेंहि साहाय्यक भूमिकेचेंच. अखेर १९८४ सालीं बी. बी. सी. ने त्यांना मिस मार्पल केलें, आणि १९९२ पर्यंत या पात्राच्या बाराहि कादंबऱ्या त्यांनीं टेलिव्हिजनवर सादर केल्या. ज्या कथेंत त्या पूर्वीं घरकामाची बाई झाल्या होत्या, त्याच कथेंत १९८७ सालीं त्या मिस मार्पल म्हणून वावरल्या.

रदरफर्डबाईंची मार्पल अवखळ व गडबडी होती. पडद्यावर येतांच ती सर्वांचें लक्ष वेधून घेई. हिक्सनबाईंची मार्पल याच्या अगदीं उलट. ती कोपऱ्यांत बसते, चहा घेते, आणि तिच्यासमोर लोक निःशंकपणें बोलतात. कारण म्हातारीकडे कोण लक्ष देतो? लोकांची ही बेपर्वाई हेंच तिचें शस्त्र होय. इतरांच्या नजरेआड राहून सर्वांना न्याहाळणें ही कला कोणत्याहि नायिकेपेक्षां हिक्सनबाईंना अधिक ठाऊक होती. आयुष्यभर त्यांनीं दुसरें काय केलें होतें? टेलिव्हिजनचा कॅमेरा चेहऱ्याच्या अगदीं निकट जातो. तेथें निळ्या डोळ्यांची एक हालचाल पुरेशी होई.

ख्रिस्तीबाईंचा १९७६ सालींच अंत झाला. आपल्या इच्छेची पूर्ति त्यांना पाहतां आली नाहीं. हिक्सनबाई १७ ऑक्टोबर १९९८ रोजीं, ९२ व्या वर्षीं निवर्तल्या. क्षुद्र मानलेलें काम सचोटीनें करणाऱ्या प्रत्येकाला असें फळ मिळतेंच असें नाहीं. परंतु तें मिळालें तेव्हां त्यांना नव्यानें कांहींच शिकावें लागलें नाहीं, हें ध्यानांत ठेवण्यासारखें आहे.