एक नट, बावन्न माणसं

आपल्या मराठवाड्यानं जगाला दिलं ते ‘वऱ्हाड निघालंय लंडनला’! प्रा. लक्ष्मण देशपांडे यांनी १९७९पासून हा एकपात्री प्रयोग गाजवला. तीन तासांत बावन्न पात्रं, आणि तीही एकट्यानं! मान वळली की म्हातारा, आवाज बारीक झाला की नवरीकडची बाई. गिनीज बुकनंही त्याची दखल घेतली. मला मोलाची वाटते ती त्यातली बोली. आपलं रोजचं बोलणं त्यांनी आहे तसं रंगमंचावर नेलं. देशपांडे २००९ साली गेले. आज हाच प्रयोग बीड जिल्ह्यातल्या माजलगावचे संदीप पाठक करतात. जवळपास लागला तर घरच्या सगळ्यांना घेऊन जरूर बघा.