“ती काही करत नाही”

आकडा खोटे बोलत नाही, असे मानले जाते. परंतु आकडा आपणहून बोलतही नाही. त्याला कोणीतरी प्रश्न विचारावा लागतो, आणि विचारणारा कोठे उभा आहे यावर उत्तर ठरते.

१९६१ च्या जनगणनेत देशातील सुमारे ६ कोटी स्त्रिया ‘काम करणाऱ्या’ होत्या. १९७१ मध्ये त्या सुमारे ३ कोटी उरल्या. या दशकात ना खुरपणी थांबली, ना विड्या वळणे. बदलला तो मुख्यतः प्रश्न. १९६१ मध्ये हंगामाच्या बहुतांश काळात रोज तासाभराहून अधिक नियमित काम करणारी व्यक्ती कामकरी धरली गेली. १९७१ मध्ये ‘मुख्यतः काय करता?’ असे विचारले गेले. चूल, पाणी, मूल सांभाळून शेतात राबणाऱ्या बाईचे उत्तर ठरलेलेच: घरकाम. बहुधा तेही ओट्यावर बसलेल्या कर्त्या पुरुषाने दिले: ती काही करत नाही, घरीच असते. तो खोटे बोलत नव्हता, हे ध्यानात घेतले पाहिजे. मजुरी हातात पडते तेच काम, ही त्याची व्याख्या, प्रगणकाचीही तीच. आणि खरा पेच हा, की पुष्कळदा त्या बाईचीही तीच. (१९६१ चा आकडा फुगलेला होता, असे काही अर्थशास्त्रज्ञ म्हणतात. त्यात तथ्य असेलही. पण तीन कोटींचा उलगडा तेवढ्याने होत नाही.)

लगेच १९७२ चा दुष्काळ आला. महाराष्ट्रात खडीच्या कामांवर स्त्रियांची रीघ लागली. वर्षापूर्वी ‘काम न करणाऱ्यां’त नोंदलेल्या कित्येकी त्यांत असणार. हातोडा हाती येताच त्या कामकरी झाल्या काय?

१९९१ मध्ये घरच्या शेतातील व धंद्यातील बिनमजुरीचे काम स्पष्टपणे विचारले गेले. दर १०० स्त्रियांत १९७१ साली सुमारे १४ कामकरी होत्या, त्या सुमारे २२ झाल्या. स्वयंपाकपाणी मात्र बाहेरच राहिले. २०१९ च्या सरकारी वेळवापर पाहणीनुसार घरकाम करणारी स्त्री त्यावर रोज सरासरी २९९ मिनिटे खर्चते, पुरुष ९७. राष्ट्रीय उत्पन्नात या मिनिटांना स्थान नाही. तीच पोळी खानावळीत लाटली, की जमेस धरली जाते!

यावरून सत्य ज्याचे त्याचे, असा निष्कर्ष काही विद्वान काढतात. तो सोयीचा आहे. बाईची पाठ कोणाच्या दृष्टिकोनामुळे दुखत नाही. पुढच्या जनगणनेत तिच्याविषयीचा प्रश्न तिलाच विचारला जावा, आणि तोही ‘काम करता काय?’ असा नव्हे, तर पहाटे उठल्यापासून काय काय केले, असा.